घरातली गोष्ट घरात बोलावी

झाकली मूठ सव्वा लाखाची, अशी आपल्याकडे म्हण आहे. म्हण खोटी नाही. बाजारात ती कामाला येते. बैल विकायला नेला, तर आपल्याला पैशांची किती नड आहे हे कोणी व्यापाऱ्याला सांगत नाही. सांगितले तर तो भाव पाडतो. गावकीतही चार गोष्टी झाकून ठेवाव्या लागतात.

पण काही माणसे घरात आल्यावरही ही मूठ उघडत नाहीत. बायकोपुढे झाकतात. आईपुढे झाकतात. हाताशी आलेल्या मुलापुढेही झाकतात. घर म्हणजे काही बाजार नव्हे. तिथे कोणी आपला भाव पाडायला बसलेले नसते. मग तिथे मूठ का झाकावी? आज याच गोष्टीचा विचार करू.

एक घर डोळ्यांसमोर आणा. हे घर आम्ही मनाने रचले आहे. पण असे घर आपल्या आळीत एकही नाही, असे छातीवर हात ठेवून कोण सांगेल?

घरात पाच माणसे. कारभारी, कारभारीण, म्हातारी आई, थोरला मुलगा आणि शाळेत जाणारी मुलगी. चार एकर कोरडवाहू रान. त्यात सोयाबीन आणि तूर. दारात एक म्हैस, दोन शेळ्या, एक बोकड. कारभारी मेहनती. व्यसन नाही. घरच्यांवर जीवही फार. याच जिवापायी पुढचा घोटाळा झाला.

झाले असे. पाणी लागेल या आशेने कारभाऱ्याने रानात बोअर घेतली. पाणी लागले नाही. नुसता फुफाटा वर आला. बोअरचे पैसे मात्र द्यावेच लागले. सोसायटीचे ७०,००० रुपयांचे पीककर्ज आधीच डोक्यावर होते. म्हणून त्याने गावातल्या एकाकडून ४०,००० रुपये उचलले. व्याज महिन्याला शेकडा पाच. घरी काय सांगितले? "तुरीचे पैसे आले होते, त्यात भागवलं." घरच्यांना घोर नको, एवढाच त्याचा हेतू.

आता हिशेब करा. ४०,००० रुपयांवर शेकडा पाच म्हणजे महिन्याला २,००० रुपये. हे पैसे आणायचे कुठून? दुधाच्या पैशांतून. मग घरी दुसरी खोटी गोष्ट सांगावी लागली. "दुधाचा भाव पडला." कारभारणीला ते खरे वाटले. ती डेअरीवर गेली आणि डेअरीवाल्याशी भांडली. भर चौकात त्याला चोर म्हणाली. त्या बिचाऱ्याचा काय गुन्हा?

चौदा महिने असे चालले. २८,००० रुपये व्याजात गेले. मुद्दल ४०,००० तिथेच. दरम्यान घरचे आपापल्या वाटेने चालले होते. म्हातारीने मुलीच्या घरच्या जावळाला भरजरी आहेर करायचे ठरवले. मुलाने हप्त्याच्या मोटारसायकलसाठी ५,००० रुपये भरून ठेवले. कारभारणीने भावाच्या लग्नात अंगठी घालीन असा शब्द दिला. यात कोणाची उधळपट्टी म्हणायची? ज्याला घागरीचे भोक ठाऊक नाही, तो पाणी भरतच राहणार. कारभारी मात्र आतल्या आत कुढत होता. कोणी खर्चाचे नाव काढले की खेकसत होता. घरच्यांना कळेना, माणूस असा चिडका का झाला.

कारभारीण आपल्यासारखीच रात्रीच्या वर्गाला जायची. एकदा गुरुजींनी सांगितले, घरातला कोणताही कागद वाचायला आणा. तिने पेटीतून सात-बारा काढला. अक्षर लावत लावत वाचू लागली. नाव वाचले. गट नंबर वाचला. 'इतर अधिकार' असे लिहिलेल्या जागी सोसायटीचे नाव आले आणि त्यापुढे 'बोजा' हा शब्द आला. शेजारी आकडा होता. तिने गुरुजींना विचारले, "बोजा म्हणजे डोक्यावरचं ओझंच ना?" गुरुजी म्हणाले, "इथं बोजा म्हणजे जमिनीवरचं कर्ज."

घरी येऊन तिने विचारले. कारभारी उसळला. "तुला काय करायचंय? चार अक्षरं काय आली, लागली हिशेब विचारायला."

इथे तिने जे केले ते पाहण्यासारखे आहे. ती उलटून बोलली नाही. रडलीही नाही. भाकरी वाढली. रात्री सगळे निजल्यावर ओसरीवर त्याच्याजवळ जाऊन बसली आणि म्हणाली, "अहो, मला भांडायचं नाही. आकडा तेवढा सांगा. दोघांनी उचलू."

त्या रात्री त्याने सोसायटीचाच आकडा सांगितला. दुसरा नाही. मन एका रात्रीत मोकळे होत नाही. पहिली गोष्ट सांगितली आणि घरात आकांत झाला नाही, हे त्याने आठ दिवस पाहिले. मग आपण होऊन म्हणाला, "अजून एक आहे." सावकाराचे सगळे सांगितले. कोऱ्या स्टॅम्पपेपरवर सही दिली होती, तेही सांगितले.

पुढे सगळे गोड झाले असे समजू नका. म्हातारी चार दिवस बोलली नाही. तिने मरणाला म्हणून ११,००० रुपये गाठोड्यात ठेवले होते. ते काढून देताना म्हणाली, "माझं मरण तुझ्या त्या कोरड्या बोअरमध्ये घातलंस रे!" मुलगा म्हणाला, "आबा, आधी सांगितलं असतं तर मी गाडी बघायलाच गेलो नसतो." त्याच्या ५,००० पैकी सगळे परत मिळाले नाहीत. कारभारणीला डेअरीवाल्यापुढे मान खाली घालावी लागली. पण तिने बचत गटातून २०,००० रुपये काढले. तिथे व्याज शेकडा एक. बोकड ९,००० ला गेला. म्हातारीचे ११,०००, गटाचे २०,०००, बोकडाचे ९,०००. बेरीज करा. ४०,००० झाले. सावकाराचे तोंड बंद झाले. सही केलेला कागद परत घेऊन चुलीत घातला. महिन्याला २,००० रुपये व्याज जात होते, तिथे आता २०० जाऊ लागले. मग दोघे नवराबायको सोसायटीच्या सचिवाकडे गेली आणि पीककर्जाची मुदत विचारून आली. पीककर्ज मुदतीत फेडले तर व्याजात सवलत मिळते. मुदत हुकली की ती जाते. ही तारीख आजवर घरात एकट्या कारभाऱ्यालाच ठाऊक होती, आणि घोर लागल्यामुळे तोही ती विसरला होता.

जाता जाता एक सांगून ठेवू. परवान्याशिवाय सावकारी करणे हा आपल्या राज्यात गुन्हा आहे. त्यासाठी २०१४ चा कायदा आहे. महिन्याला शेकडा पाच हे व्याजही कायद्यात बसत नाही. कोणी असा पिळत असेल, तर तालुक्याला सहकारी संस्थांच्या सहायक निबंधकाचे कार्यालय असते, तिथे अर्ज देता येतो. पण अर्ज करायचा तरी घरात गोष्ट आधी उघडी व्हावी लागते. घरच्यांपासून लपवलेल्या कर्जाची तक्रार कोणीच करत नाही. सावकाराला हे पक्के ठाऊक असते.

आता जरा दुसऱ्या बाजूने पाहू. आपण नेहमी म्हणतो, खरे सांगावे. मुलांना तर रोज बजावतो. पण सांगणाऱ्याइतकेच ऐकणाऱ्याचेही काम अवघड असते. आमच्या मते जास्तच अवघड असते. त्या कारभाऱ्याचे तोंड उघडले ते कारभारीण शांत राहिली म्हणून.

महात्मा गांधींच्या लहानपणची एक गोष्ट याबाबत ऐकण्यासारखी आहे. ती त्यांनी स्वतःच आपल्या आत्मकथेत लिहिली आहे. त्यांचे वय तेव्हा पंधरा वर्षांचे होते. त्यांच्या भावाला सुमारे २५ रुपये कर्ज झाले होते. भावाच्या हातात सोन्याचे कडे होते. त्या कड्यातला एक तुकडा काढून कर्ज फेडले गेले. कर्ज फिटले, पण मनाला टोचणी लागली. वडिलांना सांगावे असे वाटे. तोंडाने सांगण्याची हिंमत होईना. वडील मारतील अशी भीती नव्हती. वडिलांना दुःख होईल, याची भीती होती.

मग त्यांनी काय केले? एक चिठ्ठी लिहिली. चिठ्ठीत गुन्हा कबूल केला. शिक्षा मागितली. माझ्या अपराधाबद्दल तुम्ही स्वतःला त्रास करून घेऊ नका, अशी विनवणी केली. पुन्हा चोरी करणार नाही, असे वचन दिले. वडील तेव्हा आजारी होते. लाकडी फळीवर निजून असत. कापऱ्या हाताने मुलाने चिठ्ठी त्यांच्या हातात दिली आणि समोर बसून राहिला.

वडील उठून बसले. चिठ्ठी वाचली. त्यांच्या डोळ्यांतून पाणी आले. कागद भिजला. क्षणभर त्यांनी डोळे मिटले. मग चिठ्ठी फाडून टाकली आणि ते पुन्हा आडवे झाले. मुलगाही रडला. वडील रागावतील, कपाळ बडवून घेतील, असे त्याला वाटले होते. तसे काही झाले नाही. पुढे जन्मभर ही गोष्ट गांधीजी विसरले नाहीत.

वडिलांनी त्या दिवशी चार थपडा मारल्या असत्या तर? काय झाले असते ते आपण सांगू शकत नाही. पण आपल्या घरात काय होते ते आपल्याला ठाऊक आहे. पोराच्या हातून दुधाची किटली सांडते. पोर येऊन सांगते, "आई, माझ्या हातून सांडली." आपण पाठीत धपाटा घालतो. दुसऱ्या वेळी किटली सांडली की पोर सांगते, "मांजरानं सांडली." मग आपण म्हणतो, पोर खोटे बोलायला कुठे शिकले? ते आपल्याच दारात शिकले.

किटलीचे एक वेळ जाऊ द्या. त्याहून मोठी गोष्ट मुलींची आहे. मुलगी पाचवीत, सातवीत जाते. शाळा दुसऱ्या गावाला असते. वाटेवर एखादा टवाळ पोरगा मागे लागतो. काही वेळा तर त्रास देणारा माणूस नात्यातलाच असतो. मुलगी घाबरत घाबरत आईला सांगते. पुष्कळ घरांत काय उत्तर मिळते? "तूच काहीतरी केलं असशील. उद्यापासून शाळा बंद." म्हणजे चोर सोडून संन्याशाला फाशी! ही मुलगी पुन्हा आईला काही सांगेल का? याहून वाईट काही घडले तरी ती गप्प बसेल. तिची धाकटी बहीण हे सगळे बघत असते. तीही गप्प बसायला शिकते.

आया-बायांनो, मुलीने असे काही सांगितले तर पहिले वाक्य एवढेच बोला, "बरं केलंस सांगितलंस." मग सगळे ऐकून घ्या. मधे तोडू नका. तिचा दोष काढू नका. मग बापाला सांगा. शाळेतल्या बाईंना सांगा. १०९८ हा लहान मुलांच्या मदतीचा फोन नंबर आहे. त्याला पैसे पडत नाहीत. शाळा मात्र बंद करू नका. शाळा बंद केली तर शिक्षा मुलीलाच झाली.

आता तुम्ही म्हणाल, मग काय घरात प्रत्येकाने प्रत्येकाला सगळे सांगत सुटावे? तसे नाही. शेजारणीने विश्वासाने सांगितलेली गोष्ट शेजारणीचीच असते. लहान पोराला कर्जाचा आकडा सांगून त्याची झोप उडवू नये. त्याला एवढेच सांगावे, "यंदा हात आखडता आहे, नवे दप्तर पुढच्या साली घेऊ." पोरे समजूतदार असतात. आपणच त्यांना तसे समजत नाही. आणि खरे बोलणे म्हणजे टोचून बोलणे नव्हे. "मी आपली खरं तेच बोलते" असे म्हणून सुनेला दिवसभर टोमणे मारणाऱ्या सासवा आपण पाहिल्या आहेत. त्या खऱ्याचा घराला काय उपयोग?

वेळही पाहावी लागते. पुरुष रानातून दमून आला आहे, ताट पुढे आहे, अशा वेळी अवघड विषय काढू नये. पाहुण्यांसमोर काढू नये. दारू पिऊन आलेल्या माणसाशी तर त्या रात्री कोणताच विषय काढू नये. आणि गोष्ट ऐकल्यावर "तरी मी म्हणत होते" हे वाक्य गिळून टाकावे. फार जड जाते, ठाऊक आहे. पण या एका वाक्याने कित्येक घरांत बोलणे बंद पडले आहे.

जिथे बोलले की मार बसतो, त्या बाईला आम्ही "मोकळेपणाने बोल" असे सांगणार नाही. तिने आधी माहेरच्या किंवा शेजारच्या भरवशाच्या माणसाला गाठावे. १८१ हा बायकांच्या मदतीचा नंबर आहे. जिवावर बेतले तर ११२ फिरवावा.

एक गोष्ट मात्र वेळ न पाहता लगेच बोलावी. कर्जाने, नापिकीने, आजाराने माणूस आतून खचतो. मग तो गप्प गप्प राहतो. जेवत नाही. रात्री उठून बसतो. कधी म्हणतो, "माझं आता काही खरं नाही." कधी म्हणतो, "मी नसलो तरी तुम्ही नीट राहा." असे बोलणे हसण्यावारी नेऊ नका. "काहीतरीच काय बोलता" म्हणून उठून जाऊ नका. त्याच्याजवळ बसा. सरळ विचारा, "जीव द्यायचं मनात येतं का?" विचारल्याने तसे मनात भरते, असे पुष्कळांना वाटते. ते खरे नाही. विचारल्याने मनावरचे ओझे हलके होते. त्याला एकटे सोडू नका. फवारणीच्या औषधाचा डबा घरातून हलवा आणि कुलपात ठेवा. १४४१६ हा नंबर फिरवा. 'टेलिमानस' नावाची ही सरकारी सेवा २०२२ साली सुरू झाली. तिथे दिवसा आणि रात्री केव्हाही बोलता येते. मराठीतून बोलता येते. पैसे पडत नाहीत. आपल्या विदर्भ-मराठवाड्यात कर्जापायी किती घरांचे कुंकू पुसले गेले, हे नव्याने सांगायला नको. त्यांतल्या कित्येक बायांना नवऱ्याच्या कर्जाचा आकडा तो गेल्यावर, वसुलीवाला दारात आल्यावर कळला.

आता वर्गातले काम. गांधीजींना तोंडाने सांगवले नाही, तेव्हा त्यांनी चिठ्ठी लिहिली. तुम्हालाही आता लिहिता येते. म्हणजे हा रस्ता तुम्हालाही मोकळा झाला. चिठ्ठी लांब नको. त्यात काय झाले ते लिहावे. आकडा असेल तर खरा लिहावा. आपले काय चुकले ते लिहावे आणि आता काय मदत हवी ते लिहावे. दुसऱ्याचा दोष लिहू नये. एका मुलाने बापाला अशी चिठ्ठी लिहिली, असे समजा :

"आबांस नमस्कार. एक गोष्ट तोंडाने सांगवत नाही, म्हणून लिहितो. मी मोबाइलवरून १०,००० रुपये कर्ज काढले. त्यातले हातात ७,००० च आले. आता ते लोक १६,००० मागतात. फोटो सगळ्यांना पाठवू म्हणून धमकी देतात. मी घरी न विचारता केले, हे माझे चुकले. मला झोप येत नाही. तुम्ही माझ्याबरोबर पोलीस ठाण्यात चला. मी गोठ्यात बसलो आहे."

ही चिठ्ठी दोनदा मोठ्याने वाचा. मोबाइलवरच्या अशा फसवणुकीसाठी १९३० हा नंबर आहे, तो वहीत लिहून ठेवा. मग बापाने काय करावे, यावर वर्गात बोला. बापाला लिहिता येते असे धरून, त्याचे उत्तर आपल्या पाटीवर दोन ओळींत लिहा. बापाला लिहिता येत नसेल, तर तो गोठ्यात जाऊन पहिले वाक्य कोणते बोलेल, ते लिहा.